मयताच्या घरचे संवाद

नवल पाटील स्वतःला स्वतंत्र पटकथालेखक म्हणवून घेई. स्वतंत्र म्हणजे काय, तर अकरा वर्षांत त्याला कुणी विचारलं नव्हतं. पारोळ्याजवळच्या खेड्यात बसून तो अहिराणीत सिनेमे लिही आणि धुळ्याच्या चकरा मारी. पडद्यावर एकदा आपलं नाव यावं, एवढ्यात त्याचा जीव अडकला होता.

त्याचे संवाद मात्र अस्सल असत, कारण ते त्याचे नसतच. आमच्याकडे मयताच्या घरी बायका हेल काढून रडतात आणि रडता रडता गेलेल्या माणसाचं अख्खं आयुष्य सांगतात. नवल प्रत्येक मयताला हजर. बाकीचे पुरुष लाकडांचं बघत, हा पठ्ठ्या खिडकीखाली उभा राहून सदऱ्याच्या खिशातल्या वहीत टिपून घेई.

शेजारच्या धुरपदाबाईचा तरणा मुलगा हायवेवर ट्रकखाली गेला. त्याचा जेवणाचा डबा छातीशी धरून ती ओरडली, "मना राजा, डबा तसाच शे रे! भाकर कोनले वाढू आते?" नवलच्याही डोळ्यांत पाणी आलं. वही मात्र त्यानं ओली होऊ दिली नाही.

धुळ्याच्या भूषणचं विनोदी व्हिडिओंचं चॅनेल होतं. धुरपदाबाईचं रडणं जसंच्या तसं घालून नवलनं लिहिलेली पटकथा त्यानं चाळली. "नवलभाऊ, रडणं कोण बघतं? यात हसू टाका. लेखक म्हणून तुमचं नाव पहिलं देतो."

नवल चार दिवस तोंड पाडून हिंडला आणि पाचव्या दिवशी त्यानं स्वतःच्या हातानं त्यात कुत्रं घातलं. साडी नेसलेला गलेलठ्ठ नट छाती बडवत तेच वाक्य म्हणतो, कुत्रं डबा पळवतं, नट लुगडं सावरत मागे धावतो. खानदेशभर हशा पिकला. 'लेखक : नवल पाटील' अशी पाटी झळकली एकदाची. धुरपदाबाई दिसली की गावातली पोरं 'डबा तसाच शे रे' ओरडू लागली. ती भांडली नाही. नवलच्या दारावरून जाणं तेवढं तिनं सोडलं.

गेल्या उन्हाळ्यात नवलची आई भिकुबाई वारली. गल्लीतल्या सगळ्या बायका आल्या, धुरपदाबाईसुद्धा. तोंडाला पदर लावून बसल्या. एकीचाही आवाज नाही. असं मुक्यानं आमच्याकडे बेवारशाला नेतात, भरल्या घरातल्या बाईला नाही. जळगावहून आलेली नवलची बहीण कामिनी धुरपदाबाईच्या पाया पडू लागली. "अक्का, रडा ना वं. मनी माय शे ती."

"कशी रडू, बेटा?" धुरपदाबाई म्हणाली. "आम्ही रडसूत, आनि तुना भाऊ लिखी लेई."

मग कामिनी एकटीच आईच्या अंगावर पडली. "माय वं, माले सासरनी वाटे लावाले आते कोन..." तेवढ्यात तिची नजर दारातल्या भावाकडे गेली. त्याचा हात सदऱ्याच्या खिशाकडे चालला होता. रुमाल काढायला, असं तो आजही शपथेवर सांगतो.

कामिनीनं तोंडात पदर कोंबला. भिकुबाईला तसंच मुक्यानं उचललं.