चौघांची याचिका

वर्षानुवर्षं एकाच टेबलाभोवती चहा प्यायला की किस्से साठतातच. मी रोज डायरी लिहितो, त्यामुळे आमच्या दूध संघाच्या तपासणी विभागातले बरेच माझ्याकडे जमा आहेत. जुने वाचले की हसू येतं. यंदाचे मात्र मित्रांना सांगतानाही मान खाली जाते.

झालं असं. आमच्या दस्तगीरभाईंनी एका संचालकाच्या गावचं दूध आंबट म्हणून परत पाठवलं. लगेच त्यांची बदली मलकापूरच्या शीतकरण केंद्रात! घरी आई अंथरुणाला खिळलेली, तिला उठवून बसवणारं दुसरं कोणी नाही. सर्जेरावानं टेबलावर हात आपटला. "भाई, तुम्ही एकटं न्हाय. चौघं मिळून हायकोर्टात जायचं!" सर्जेराव, विलास, मी आणि भाई. चौघांच्या सह्यांची याचिका गेली.

*

हायकोर्ट आता कोल्हापुरातच, म्हणून सर्जेराव सुनावणीला फेटा बांधून, कोरं पायताण घालून आला. ते इतकं करकरायचं की शिपायानं त्याला पाय जपून टाकायला सांगितलं. न्यायमूर्तींनी आमच्या वकिलांना एवढंच विचारलं की, औद्योगिक न्यायालय सोडून थेट इथं कशाला आलात? वकिलांनी तिकडे जायची मुभा मागून याचिका मागं घेतली.

बाहेर येऊन सर्जेराव म्हणाला, "पायताणाची करकर थांबायच्या आत केस संपली की!"

*

जिंकणारच म्हणून विलासच्या मळ्यात बकरं आधीच ठरवलं होतं. ते काही मागं घेता येईना. भावकी जेवायला बसली. निकाल काय लागला विचारलं की विलास "केस फुडं सरकली" म्हणायचा आणि घाईघाईनं रस्सा वाढायचा. भाई दोन घास खाऊन उठले. त्यांना आईला भरवायचं होतं.

*

औद्योगिक न्यायालयातल्या नव्या तक्रारीवर नव्यानं सह्या हव्यात, असं वकील म्हणाले. दरम्यान विलासच्या मुलाला संघात रोजंदारीवर घेतलं होतं. विलास फोनच उचलेना. सर्जेराव आला, पण उजव्या हाताला पंजाभर बँडेज. पेन धरता येत नाही म्हणाला.

वकिलांच्या कारकुनानं शाईचं पॅड पुढं सरकवलं. "डाव्या हाताचा अंगठा चालतोय की."

सर्जेराव पाणी प्यायला उठला, तो परत आलाच नाही.

*

राहिलो मी. चष्मा घरी राहिला, न वाचता सही कशी करू, असं मी म्हणालो. चष्मा शर्टाच्या खिशात होता. भाईंना तो दिसला. "असू दे," म्हणाले आणि खिडकीबाहेर बघत बसले. तक्रार त्यांच्या एकट्याच्या सहीनं गेली.

*

पहिल्या तारखेला मात्र आम्ही तिघंही गेलो. मागच्या बाकावर बसलो. संघाचे वकील नवीन होते, आमची तोंडं त्यांना माहीत नव्हती. पुकारा झाला, तसे भाई उठून पुढं गेले. वकिलांनी जुनी याचिका उघडली आणि आमच्याकडं बोट करत भाईंना विचारलं, "यावरची बाकीची तीन नावं यांचीच का?"

विलासनं माझा हात धरला. सर्जेराव फरशीकडं बघत होता. वकिलांनी पेनाचं टोपण काढलं.

भाईंनी मागं वळूनसुद्धा बघितलं नाही.

"न्हाय साहेब. माझं पावणं हायत. आईला बघाय आल्यात."