डाव्या बाजूचा अर्धा इंच

आमच्या गल्लीतल्या शिवणवालीला सगळे टाचणी म्हणतात. एक तर तोंडात कायम दोन-तीन टाचण्या धरलेल्या, आणि लग्नाआधी ती दिसायचीही तशीच, वरून खालपर्यंत एक सरळ रेघ. मग एकदा मावशीकडे म्हणून महिनाभर गेली आणि चांगली भरून आली. मावशी खायला घालते तरी काय, हा विषय आम्ही बायकांनी वर्षभर पुरवला.

ती छातीत सिलिकॉन बसवून आली होती. आता ती स्वतःच सांगते म्हणून मी सांगते. तेव्हा कुणाला पत्ता नव्हता. पुढे नवऱ्यानं व्रणांबद्दल विचारलं, तर लहानपणी गाठी काढल्या होत्या असं तिनं ठोकून दिलं. तो हॉटेलात काउंटरवर बसणारा, अनोळखी माणसांचं खरं मानून घ्यायची सवय असलेला. त्यानं मानलं.

बारा वर्षांनी ब्लाउज डावीकडे काचायला लागला. दुसरी कुणी डॉक्टरकडे धावली असती. टाचणीनं डावी शिवण उसवून पाव इंच सोडला. महिन्याभरानं आणखी पाव. अंगाला बसत नाही म्हणजे कपड्यात खोट, हे तिच्या हाडीमाशी भिनलेलं. तिसऱ्यांदा उसवायला घेतलं, तर शिवणीत सोडायला कापडच उरलं नव्हतं. तेव्हा तिनं टेप स्वतःला लावली. मधोमध धरून डावीकडे मोजलं, उजवीकडे मोजलं, पुन्हा मोजलं. आपलं माप चुकलेलं असू दे, अशी विनवणी तिनं आयुष्यात पहिल्यांदा केली.

डॉक्टरबाईंनी सोनोग्राफी केली. डावीकडे पाणी साठलं होतं. सुईनं काढून तपासायला पाठवलं. त्या म्हणाल्या, ही वस्तू जन्मभराची नसते. आवरण आतल्या आत फाटतं आणि दुखतही नाही, म्हणून अधूनमधून तपासणी करायची असते. बसवताना हे तिला सांगितलं होतं म्हणे, पण तेव्हा बाईसाहेबांचं सगळं लक्ष आरशाकडे. शिवाय खडबडीत आवरण असेल तर त्याभोवती, क्वचित का होईना, एक कॅन्सर होतो. तुमचं कुठलं? बसवताना त्याचं कार्ड दिलं असेल ना, ते उद्या सकाळी आणा.

कार्ड होतं. पण जाऊबाई घरातलं प्रत्येक कपाट हक्कानं उचकटतात, म्हणून टाचणीनं ते नवऱ्याच्याच, हॉटेलात घालायच्या कोटाच्या अस्तरात शिवलं होतं. नवा कोट आला की कार्डाची बदली. हा भला माणूस वर्षानुवर्षं बायकोचं गुपित छातीशी धरून पाहुण्यांना किल्ल्या देत होता.

सकाळी तो निघायच्या बेतात होता.

"कोट काढा," ती म्हणाली.

"अगं, बस चुकेल. बटण तुटलंय का?"

"अहो, काढा."

घाईत कातर अस्तर सोडून वरच्या कापडात घुसली. कार्ड निघालं. खडबडीत, असंच लिहिलं होतं. ती तिथंच खाली बसली आणि सगळं एका दमात सांगून टाकलं, मावशीपासून सुईपर्यंत. जाऊबाई दारात उभ्याच होत्या. एवढं सगळं माझ्या घरात आणि मला वासही नाही, याचाच त्यांना धक्का.

त्यानं फाटका कोट घडी घालून बाजूला ठेवला. मग म्हणाला, "त्रास होत होता तेव्हा कुणाला सांगत होतीस?"

"कुणाला नाही. शिवण सोडत होते."

त्यानं हॉटेलला फोन केला, आज येत नाही, कोट फाटलाय. खोटं काहीच नव्हतं.

रिपोर्टला आठ दिवस लागले. तेवढ्यात टाचणीनं दोन कॉलर उलट्या लावल्या आणि एका गिऱ्हाइकाच्या दोन्ही बाह्या उजव्याच कापल्या. रिपोर्ट आला, कॅन्सर नव्हता. पण एमआरआयमध्ये डावं आवरण फाटलेलं दिसलं, आतला गर बाहेर आलेला. दोन्ही काढायचं ठरलं.

ऑपरेशननंतर शुद्धीवर आल्यावर आपण कशी दिसतोय हे ती विचारेल, असं जाऊबाईंना वाटलं होतं. तिनं विचारलं, "सगळं निघालं?"

"दिसलं तेवढं सगळं काढलं," डॉक्टरबाई म्हणाल्या. "गर कधीकधी काखेतल्या गाठींपर्यंत झिरपतो, तिकडे लक्ष ठेवायचं."

न दिसलेलं किती, हे विचारायचा तिला धीर झाला नाही. पुढच्या तपासणीची तारीख तेवढी तिनं दोनदा विचारून घेतली. सारखं चाचपू नकोस, असं जाऊबाई रोज बजावतात. तरी शिवता शिवता मशीन मध्येच थांबतं, आणि टाचणीचा हात हळूच डाव्या काखेत जातो.