माल संपला, महिना संपला

ताई आणि धाकट्या, तुम्ही दोघं आता बर्फातून शाळेला जाता. मुलुंडची गच्ची विसरलीही असाल, म्हणून मागच्या मे महिन्यातली लढाई लिहून ठेवते.

तुमच्या त्या काल्पनिक राज्यात चंद्र नव्हता, वार नव्हते. बाजारात जो माल, तो महिना. लोखंडाचा, कापसाचा, शेंगदाण्यांचा. माल शिल्लक असेपर्यंत कुणी कुणावर हात उगारायचा नाही. शेवटचा दाणा गेला की महिना संपला. पुढचा माल येईपर्यंत लूट आणि मारामारी. कॅलेंडरवर दुधाचे खाडे मांडणाऱ्या मला हे पटेना.

"अगं, मग महिना किती दिवसांचा?"

"ते गिऱ्हाइकावर असतं ना, आजी," ताई म्हणाली.

ताई व्यापारी. चादरीवर भाजलेले शेंगदाणे मांडायची. हत्यार जवळ ठेवायचं नाही हा तिचाच नियम. धाकटा दरोडेखोर, हातात क्रिकेटचा स्टम्प, सोबत शेजारच्या विंगेतली दोन मुलं.

त्या संध्याकाळी मी वाळलेल्या कुरडया काढत होते. ताई कठड्याशी उभी राहून खालच्या पोरांना "दाणे घ्या रे!" ओरडत होती. आजोबा हवा खायला वर आले, चादरीवर टेकले आणि मूठ मूठ करत सगळे दाणे फस्त करून बसले.

"महिना संपला!" धाकटा किंचाळला.

"म्हणजे काय रे?" आजोबांच्या तोंडात शेवटचा घास होता.

तोवर तिघं धावलेही. एकाने ताईची वेणी धरून तिला मागे खेचलं, दुसऱ्याने पोटरीवर लाथ मारली. ती पडली, पण पडता पडता तिने वेणी धरणाऱ्याच्या मनगटाचा असा चावा घेतला की तो गुरासारखा ओरडला. मग धाकट्याचा स्टम्प फिरला. हाडावर लाकूड आपटल्याचा आवाज मी गच्चीच्या दुसऱ्या टोकाला ऐकला.

ताईचा अर्धा चेहरा रक्ताने भरला होता. डोळा दिसतच नव्हता. मी पदर दाबला, तो क्षणात भिजला. धाकट्याने स्टम्प पुन्हा उगारला होता. आजोबांनी त्याची बोटं एकेक करून सोडवली.

दवाखान्यात डॉक्टरांनी रक्त पुसलं. भुवई फाटली होती. डोळा शाबूत होता.

दारात धाकटा हमसून रडत होता. "सॉरी, ताई."

"रडतोस काय? बाजार रिकामा होता. नियमाने मारलंस."

रक्त पाहून भ्याले नव्हते इतकी मी हे ऐकून भ्याले. "गप्प बस! असले कसले गं नियम?"

"नियम बरोबर आहेत. माल चुकला." तिने उघड्या डोळ्याने आजोबांकडे पाहिलं.

डॉक्टरांनी सुई उचलली. माझा हात करकचून आवळत तिने भावाला सांगून टाकलं, "पुढचा महिना मिठाचा. बघू, कोण खाऊन संपवतं!"