दोनदा म्हटलेली ओळ

आमच्या जिल्ह्यातला एक गायक सध्या फार जोरात आहे. वरातीत त्याचं गाणं लागलं नाही तर नवरदेवाचे मित्र रुसून बसतात. त्याची गाणी आधी मी म्हणायची, हे मात्र फार कुणाला ठाऊक नाही. यवतमाळच्या स्टुडिओतल्या काचेच्या खोलीत मी कच्चं गाणं म्हणून ठेवायची, मग तो येऊन पक्कं म्हणायचा आणि माझा आवाज पुसला जायचा. मला त्याचं दुःख नव्हतं. कानाला हेडफोन लावले की तासभर कुणी चहा मागत नसे.

यंदाच्या अल्बमसाठी मी नऊ गाणी म्हटली. त्यातलं एक माझं होतं, शब्द आणि चालही. राळेगावकडे आमच्या वावरात कापूस वेचताना एक बाई ओळ घेते, बाकीच्या ती परत म्हणतात. त्या सवयीने स्टुडिओत एकटी असूनही मी शेवटची ओळ दोनदा म्हटली. त्याने तोंड वाकडं केलं. "ताई, हे नाही चालत. लोकाइले नाचाले पाह्यजे."

गाणं वगळलं. वगळलेलं असलं तरी बाहेर जाऊ द्यायचं नाही, असा शब्द मी दिला होता. पण राग आला की मला भान राहत नाही. वेचणीला गेले आणि तेच गाणं मोठमोठ्याने म्हणत सुटले.

पंधरा दिवसांनी एक रील फिरू लागलं. पांढऱ्या वावरात सात-आठ बायका, पुढे पदर खोचून माझी सासू, आणि शेवटची ओळ दोनदा. ती ओळ तशी फक्त माझ्या कच्च्या गाण्यात होती, आणि ते त्यालाही कळणार होतं.

दुसऱ्याच दुपारी त्याची गाडी दारात उभी राहिली.

"ताई, खरं सांगा. गाणं बाहेर कसं गेलं?"

काम गेलं, एवढंच डोक्यात. मी काहीतरी खोटं बोलणार, तेवढ्यात सासू बाहेर आली.

"मी म्हटलं. कायले वरडून राह्यला?"

तो जरा नरमला. "वरडून नाही राह्यलो, मावशी. लोकाइले लय आवडून राह्यलं. आता अल्बममध्ये घेतो." मला हसूच फुटलं. मग तो म्हणाला, "फक्त पारंपरिक म्हणून टाकू. बायका वावरात म्हणतात म्हणजे ते कोणा एकाचं नसते. आन् ताई, तुमचं काम सुरूच राहीन."

मी मान डोलावली. त्याची मला अजून लाज वाटते.

माझ्या गाण्याला सासूने लग्नापासून कटकटीशिवाय दुसरं नाव दिलं नव्हतं. ती म्हणाली, "कोणाचं नसते कसं? हे माह्या सुनेचं हाय. तिचं नाव टाकत असशीन तर ने, नाही तर चाल लाग."

तो माझ्याकडे बघत राहिला.

"आई म्हणतात तेच," मी म्हटलं.

अल्बम आठच गाण्यांचा आला. स्टुडिओतून आता फोन येत नाही. त्या काचेच्या खोलीची आठवण आली की जीव तुटतो.

परवा वेचणीत सासूने ओळ घेतली, बायकांनी परत म्हटली. मी मागे गप्प वेचत होते. ती थांबली, वळली.

"मांगं काहून राह्यली? गाणं तुह्यं हाय, पुढे तूच पाह्यजे."

मी पुढे गेले आणि ओळ घेतली.