कोपराचा खळगा

सेटवर त्याला सगळे ‘जुनाट’ म्हणत. कला दिग्दर्शक म्हणून पडद्यावर पूर्ण नाव यायचं, पण कामाच्या जागी हाक हीच. नवंकोरं लाकूड त्याच्या हाती द्या, दोन दिवसांत चाळीस वर्षांचं करून देईल, अशी त्याची ख्याती. सुरुवात केली ती भिंती रंगवण्यापासून. मग सुतारांच्या हाताखाली, मग सेटचे नकाशे काढायला, आणि अशा सतरा वर्षांनंतर एका रोजच्या मालिकेचं अख्खं घर त्याच्यावर सोपवलं गेलं.

मालिकेतले आजोबा घड्याळं दुरुस्त करायचे. त्यांना टेबल हवं होतं. जुनाटचे भावजीही जन्मभर हेच काम करत आले होते. ते जाऊन वर्ष झालं होतं आणि टेबल ताईकडे होतं: कडेला पितळी पट्टी, तेलाचे डाग आणि डावीकडे भावजींच्या कोपराने झिजून पडलेला उथळ खळगा.

“दोन दिवसांसाठी दे,” तो म्हणाला.

“दोन म्हणजे दोनच. तुझे दोन दिवस मला ठाऊक आहेत.”

दोन दिवसांची सहा वर्षं झाली. एकदा कॅमेऱ्यात दिसलेली वस्तू मग हलवता येत नाही. काल असलेलं टेबल आज दिसलं नाही तर प्रेक्षक जाब विचारतात. ताई रोज संध्याकाळी मालिका लावायची. “तुझ्या त्या रडक्या सुनेला जरा बाजूला उभी कर, टेबल झाकलं जातंय,” असा तिचा फोन यायचा.

मग लेखकाने आजोबांना मारलं आणि धाकट्या मुलाने रागाच्या भरात टेबल मोडावं, असं लिहिलं. “घाबरू नकोस, मोडणार ते खोटं,” जुनाटने ताईला आधीच सांगून ठेवलं. जुळं टेबल बनवलं. खळगा पॉलिश पेपरने घासून पाडला, डाग उठवले आणि एका लाथेत कोसळावं म्हणून पाय आतल्या बाजूने अर्धे कापून ठेवले. खरं टेबल चित्रीकरणाच्या सकाळी टेम्पोतून गोदामात जायचं होतं.

धाकटा मुलगा झालेल्या हिरोने लाथ मारली. टेबल हललंही नाही.

“जुनाट, टेबल मोडायचं ठरलं होतं, आपल्या हिरोचा पाय नाही,” दिग्दर्शक म्हणाला. सगळे हसले. जुनाट करवत घेऊन खाली वाकला, पायांना आतून बोटं लावली. काप नव्हताच. टेम्पोतून खोटं गेलं होतं.

गोदाम तासभर लांब. चार वाजले होते, हिरो पाचला निघणार होता. साठ माणसं खोळंबली होती. ‘थांबा’ एवढा एकच शब्द. तो ओठांपर्यंत आला आणि त्याने गिळला. चारही पाय त्याने स्वतःच्या हाताने कापले. दुसऱ्या लाथेत काम झालं.

जुळ्या टेबलाचे काप गोंदाने भरून त्याने ते ताईकडे पोचवलं. तिने खळग्यावरून तळवा फिरवला. “जपलंस रे,” म्हणाली. पुढचे चार महिने दर रविवारी ताईच्या घरी तो टेबलाकडे पाठ करून जेवला.

एका रविवारी ती म्हणाली, “माझ्यामागे हे टेबल तूच ने. तुझ्याइतकं कोण सांभाळणार?”

त्याने हातातला घास ताटात ठेवला. “ताई, हे ते नाही.” अदलाबदल कशी झाली, ते त्याने खाली बघत सांगितलं.

ताईने त्याच्या ताटात भाजी वाढली. मग म्हणाली, “होते चूक. इतकी माणसं, इतका पसारा. जेव तू.”

इथे थांबता आलं असतं.

“मला आधी कळलं होतं,” तो म्हणाला. “कापायच्या आधी. तरी कापलं.”

“का?”

“लोक थांबले होते.”

“आणखी थांबले असते.”

ताईने टेबलावरचा चष्मा, औषधांचा डबा, रेडिओ एकेक करून खिडकीत नेऊन ठेवला.

“हे घेऊन जा.”

“आत्ता?”

“खऱ्याचे तुकडे असते तर ठेवून घेतले असते. हे नको.”

तीन मजले उतरायचे होते. टेबल दारात अडलं तेव्हा तिने एक कडा धरून बाहेर काढून दिलं, आणि दार लावून घेतलं. पहिल्याच वळणावर त्याचे हात भरून आले. तो पायरीवर टेकला. मागे दार उघडेल म्हणून थोडा वेळ थांबला, मग टेबल पुन्हा उचललं.