डावीकडेच वळणारी बस

इस्पितळात कोणीही फोन उचलून नऊ नंबर दाबला की पलीकडून एकच आवाज यायचा, "बोला." तेहतीस वर्षं तोच आवाज. मोठा सर्जन असो, स्वयंपाकघरातला आचारी असो, नाहीतर वॉर्ड सापडत नाही म्हणून रडकुंडीला आलेला नातेवाईक असो, सगळ्यांना तेच "बोला". कोणासाठी जास्त गोड नाही की कोणासाठी कमी नाही. त्यामुळे बाईंचं खरं नाव हजेरीपटापुरतं उरलं आणि त्या अख्ख्या इस्पितळाच्या नऊताई झाल्या.

त्यांची टेलिफोनची खोली लिफ्टच्या शेजारी होती. खिडकी नाही, पंखा मात्र दोन. सुरुवातीला समोर भोकाभोकांचा मोठा बोर्ड होता, त्यात फोन जोडायच्या दोऱ्या खुपसायच्या आणि काढायच्या. मग बटणांचा बोर्ड आला, मग कॉम्प्युटर आला. यंत्रं बदलली, पण लोक बदलले नाहीत. "फोन बंद आहे" अशी तक्रार घेऊन येणारा माणूस आधी रागावलेला असतो आणि मग चुकीचा असतो, हे नऊताईंना पहिल्या दोन वर्षांतच कळलं होतं. सगळाच फोन कधी बंद नसतो. काहीतरी एक बंद असतं. ते एक शोधायचं. शोधताना एका वेळी एकच गोष्ट बदलायची, आणि काय बदललं ते लिहून ठेवायचं. एवढ्या भांडवलावर त्यांनी तेहतीस वर्षं काढली.

निवृत्त झाल्यावर त्या वहिनींकडे राहायला आल्या. दादा जाऊन चार वर्षं झाली होती, भाची नोकरीसाठी दूरच्या शहरात होती, आणि घरात तीन खोल्या होत्या. नणंद-भावजय म्हटलं की लोक विळ्याभोपळ्याचं सख्य समजतात. इथे तेवढंही नव्हतं. विळा एका खोलीत, भोपळा दुसऱ्या खोलीत. वहिनी शाळांचे गणवेश शिवायच्या. त्यांचं मशीन सकाळी नऊला सुरू व्हायचं आणि जिभेचं मशीन त्याच्याही आधी. दोघी एकमेकींना "तुम्ही" म्हणत, एकाच टेबलावर जेवत, आणि भांडी कोण घासणार एवढ्यापुरतंच बोलत.

एके दिवशी वहिनी जिन्याच्या शेवटच्या पायरीवरून पडल्या. वरच्या पायऱ्यांवरून पडल्या असत्या तर मान राहिली असती, पण शेवटच्या पायरीवरून पडल्याची त्यांना जास्त लाज वाटली. उजवं मनगट मोडलं. सहा आठवड्यांनी प्लास्टर निघालं तेव्हा बोटं लाकडासारखी झाली होती. कात्री धरता येईना, सुईत दोरा जाईना. व्यायाम शिकवणाऱ्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, हा रबरी चेंडू दिवसातून दहा वेळा दाबा. वहिनींनी तो एकदा दाबला आणि कपाटात टाकला.

"मी काय पाळण्यातली आहे, चेंडू दाबत बसायला?"

हे भाचीच्या कानावर गेलं. ती आईला पुरती ओळखून होती. बसमध्ये बसल्यावर वहिनींना ड्रायव्हरच्या मागची सीट लागायची आणि उतरेपर्यंत त्या बिचाऱ्याला बस कशी चालवायची ते सांगायच्या. भाची सुट्टीला आली तेव्हा तिने दादांच्या जुन्या कॉम्प्युटरवर बस चालवायचा एक खेळ घालून दिला. परत गेल्यावर तिने कुरिअरने एक गेमचा कंट्रोलर पाठवला. सोबत चिठ्ठी होती: "आई, आयुष्यभर मागून सांगितलंस. आता स्वतः चालवून दाखव. आत्या लावून देईल."

आत्याला कोणी विचारलं नव्हतं. पण डब्यातून तो काळा, दोन कानांचा, बटणाबटणांचा प्रकार बाहेर आला तेव्हा नऊताईंचे हात शिवशिवले.

दुपारी जेवणं आवरून दोघी कॉम्प्युटरसमोर बसल्या. डब्यातली वायर आखूड होती, म्हणून नऊताईंनी मोबाइलच्या चार्जरची लांब वायर लावली. कंट्रोलरवरचा दिवा लागला. पडद्यावरची बस मात्र थांब्यावर उभी ती उभीच. वहिनींनी चार बटणं दाबली, दांड्या फिरवल्या.

"बिघडलेला आहे. परत पाठवा."

"दिवा लागलाय वहिनी. म्हणजे सगळाच बिघडलेला नाही."

"दिवा तर फ्रीजमध्येही लागतो. त्याने काय बस चालते?"

नऊताईंनी वही काढली. पहिल्या ओळीत लिहिलं: वीज येते, निरोप जात नाही. मग वायर दुसऱ्या खाचेत लावून पाहिली. तेच. हेही लिहिलं. मग ती वायर या टोकापासून त्या टोकापर्यंत चाचपून पाहिली. जुन्या बोर्डावर अशी एक दोरी असायची. तिच्यावर घंटी वाजायची, पण बोलणं ऐकू यायचं नाही, कारण आतली एक तार तुटलेली असायची. त्यांनी चार्जरची वायर काढली आणि डब्यातली आखूड वायर लावली. कॉम्प्युटरमधून 'टुडुंग' असा आवाज आला आणि कोपऱ्यात पाटी उमटली.

"ती वायर नुसती जेवू घालणारी होती," नऊताई म्हणाल्या. "बोलणारी नव्हती."

वहिनींनी भुवई उंचावली. ही त्यांची दाद होती.

पण बस काही हलली नाही. खेळ बंद करून पुन्हा उघडला तेव्हा हलली, पण भलतंच करून. वेग द्यायला जावं तर वायपर चालू व्हायचे, ब्रेक दाबला की दरवाजे उघडायचे. पहिल्याच चौकात वहिनींनी चालत्या बसमधून सगळे प्रवासी हवेत मोकळे केले. "मी सांगितलेलं!" त्या ओरडल्या. काय सांगितलं होतं, ते त्यांनाही ठाऊक नव्हतं.

भाचीला फोन लावला तर ती मीटिंगमध्ये. मग नऊताईंनी डब्यावरचा मदतीचा नंबर लावला. यंत्र म्हणालं एक दाबा, मग चार दाबा, मग थांबा. नऊताई थांबल्या. थांबणाऱ्याला काय वाटतं ते त्यांनी तेहतीस वर्षं दुसऱ्या बाजूने पाहिलं होतं. या बाजूने पहिल्यांदाच पाहत होत्या. अखेर एका मुलीचा आवाज आला. पाठ केलेल्या कवितेसारखी ती सुरू झाली: कॉम्प्युटर बंद करून चालू करा, वायर तपासा, खेळ पुन्हा टाका...

"बाळ," नऊताई म्हणाल्या, "आवाज बसलाय तुझा. आधी घोटभर पाणी पी. मी आहे फोनवर."

पलीकडे बाटलीचं झाकण उघडलं. मग पाणी पिण्याचा आवाज आला.

"सकाळपासून सगळे ओरडतायत हो," मुलगी म्हणाली, आणि आता तिचा आवाज कवितेतला नव्हता.

"ओरडणारच. त्यांचा राग यंत्रावर असतो, पण यंत्राला कान नाहीत, तुला आहेत. मीही हेच काम केलंय. आता ऐक. वायर बदलली, खाच बदलली, खेळ बंद करून उघडला. कॉम्प्युटर कंट्रोलरला ओळखतो. पण बटणं एकमेकांची कामं करतायत."

"काकू, तुमचं सगळं करून झालंय!" मुलगी खुलली. "मग कंट्रोलर उलटा करा. मागे नखाएवढं एक बटण आहे, दोन खुणांमध्ये सरकणारं. जुन्या खेळांसाठी एक आणि नव्यांसाठी एक. ते दुसऱ्या खुणेवर सरकवा आणि वायर काढून पुन्हा लावा. आमच्या कागदावर हे सगळ्यात शेवटी लिहिलंय. इथपर्यंत कोणी पोचतच नाही."

बटण सरकवलं. वेग दिला की वेग, ब्रेक म्हटलं की ब्रेक. नऊताईंनी मुलीला तिथल्या तिथे शाबासकी दिली आणि तिच्या वरिष्ठांशी दोन शब्द बोलायचे आहेत म्हणाल्या. मुलगी घाबरली, तेव्हा सांगावं लागलं की चांगले दोन शब्द.

आता बस सुटली. सुटली ती सरळ डावीकडे. वहिनींनी हात लावला नव्हता तरी बस आपली हळूहळू डावीकडे झुकत, फुटपाथवर चढून, एका झाडाला टेकली. मागे घेतली, पुन्हा डावीकडे.

"वन्सं, मी काही केलेलं नाही हं."

"मी कुठे म्हटलं?"

"तुमच्या चेहऱ्यावर दिसतंय."

नऊताईंनी सेटिंगमध्ये शोधत शोधत कंट्रोलर तपासायची खिडकी उघडली. तिथे एक चौकोन होता आणि त्यात अधिकचं छोटं चिन्ह. अंगठ्याखालची दांडी हलवली की चिन्ह हलायचं, सोडली की बरोबर मध्यभागी. एका केसाचाही फरक नाही. म्हणजे कंट्रोलर निर्दोष होता. वहीत तसं लिहिता लिहिता त्यांची नजर यादीवर गेली. यादीत एक नाही, दोन नावं होती.

"वहिनी, या लाईनवर आणखी कोणीतरी आहे."

"म्हणजे?"

"क्रॉस कनेक्शन. तुम्ही बोलताय, आणि तुमच्यासोबत दुसरंही कोणी बोलतंय. बस दोघांचं ऐकते आहे."

त्यांनी कॉम्प्युटरच्या मागे हात घातला आणि एकेक वायर बोटांनी धरून तिच्या टोकापर्यंत जाऊ लागल्या. ही पडद्याची, ही माउसची, ही कीबोर्डची. चौथी वायर टेबलामागे खाली उतरली होती आणि भिंत आणि चिंध्यांचं खोकं यांच्या फटीत गेली होती. नऊताईंनी खोकं ओढलं. मागे धुळीत एक जुना जाड दांडा आडवा पडला होता, विमान उडवायच्या खेळाचा. खोक्याच्या ओझ्याने तो डावीकडे दाबून बसला होता.

दोघींनीही तो ओळखला. रविवारी दुपारी दादा हाच दांडा धरून विमानं उडवायचे, आणि शेजारच्या खोलीतून वहिनी म्हणायच्या, उतरा आता खाली, गादीला ऊन दाखवायचंय.

वहिनी वाकल्या. डाव्या हाताने त्यांनी दांडा उचलला आणि रुमालाने त्याच्यावरची धूळ पुसत राहिल्या, पुसून झाली तरी.  बोर्डावर अशा वेळी नऊताई लाईन धरून ठेवायच्या आणि गप्प राहायच्या. तसंच केलं.

"गेले," वहिनी शेवटी म्हणाल्या, "तरी स्टिअरिंग सोडत नाहीत."

आणि त्या हसायला लागल्या. नऊताईही हसल्या. हसता हसता वहिनींच्या डोळ्यांतून पाणी आलं, मग नऊताईंच्याही, आणि मग त्या दोघी दादांविषयी बोलत बसल्या. चार वर्षांत पहिल्यांदा. दादा लहानपणी छत्री उघडून कठड्यावरून उडी मारायला निघाले होते, ते वहिनींना माहीत नव्हतं. लग्नानंतर वर्षभर त्यांनी शिट्टी वाजवून वहिनींना हाक मारायचा प्रयत्न केला आणि का सोडला, ते नऊताईंना माहीत नव्हतं. खेळातले प्रवासी बिचारे झाडाला टेकलेल्या बसमध्ये तासभर बसून होते.

मग वहिनींनी स्वतःच दांड्याची वायर ओढून काढली. बस सरळ निघाली. रुंद रस्त्यावरून वहिनी ती अशी काही हाकू लागल्या की जणू आजवरच्या सगळ्या ड्रायव्हरांना दाखवून द्यायचं होतं. समोर वळण आलं.

"वळव," नऊताई म्हणाल्या. "अगं वळव! वळव ना गं!"

बस कारंज्यात गेली. पण त्या "अगं"वर वहिनी काही बोलल्या नाहीत, आणि दुसऱ्या दिवशी चहाचा कप पुढे ठेवत म्हणाल्या, "घे, गार होईल."

तीन आठवड्यांनी डॉक्टरीणबाईंनी बोटं तपासली. अंगठा पूर्ण फिरत होता, पहिलं बोट मुठीत येत होतं. "म्हणजे चेंडू नेमाने दाबलात तर," त्या म्हणाल्या. वहिनी सरळ बसून म्हणाल्या, "चेंडू कसला? चौदा नंबरची बस चालवते मी." मग सगळी हकीकत सांगावी लागली, आणि ती वहिनींनीच सांगितली, वहीसकट. त्यात नऊताई जरा जास्तच थोर झाल्या होत्या.

डॉक्टरीणबाईंच्या कपाटात असे दोन कंट्रोलर धूळ खात पडले होते. कोणाला ते लावता आले नव्हते. त्यांनी नऊताईंना विचारलं, याल का? तेव्हापासून मंगळवारी आणि शुक्रवारी सकाळी नऊताई वही घेऊन त्या दवाखान्यात जातात. तिथे एक गवंडीकाका येतात, अंगठ्यावर वीट पडलेले. त्यांना बस नको होती, गाडी नको होती, काहीच नको होतं. नऊताईंनी त्यांना मासे पकडायचा खेळ लावून दिला. दोन दिवस काका गळ टाकून नुसते बघत बसले. तिसऱ्या खेपेला कंट्रोलर हातात थरथरला, काकांनी दांडी ओढली, आणि एवढा मोठा मासा बाहेर आला की त्यांच्या आरोळीने बाहेर बसलेले पेशंट उठून आत आले.

नऊताई वहीत तारीख लिहीत होत्या तेवढ्यात फोन वाजला.

"बोला."

"काय बोला? मी आहे. अगं, घाटाचा रस्ता लागलाय, खाली दरी आहे. मी चालवू का नकाशा बघू? किती वेळ लागेल तुला यायला?"

"ब्रेकवर बोट ठेव आणि थांब तिथेच," नऊताई म्हणाल्या. "निघालेच."

काकांना दुसरा गळ टाकायला सांगून त्यांनी चपला घातल्या. रस्त्यात फळवाल्याने हाक मारली, संत्री आली आहेत म्हणून. परतताना घेते, असं त्या मागे न बघताच म्हणाल्या.