बुद्धी बुडात असते

शाळा सुटली की आमचे पंतोजी ओणवे होऊन जमीन तपासत. चौक गावापासून कोसभरावरच्या आमच्या गावात मारुतीच्या देवळात शाळा भरे. रोज सकाळी जमीन शेणाने सारवली जाई आणि त्या ओलीत प्रत्येक पोराच्या बैठकीचा ठसा उमटे. ठसा खोल आणि एकच असला तर पोरगं हुशार, फरफटलेला असला तर ढ. "बुद्धी बुडात असते रं," ते म्हणत. "डोकं नुसतं वर ठेवलेलं असतं."

हसू नका. तुमच्या गावातल्या विद्वानांची बैठक एकदा आठवून पाहा.

माझा ठसा उमटतच नसे, कारण मी एका जागी टिकत नसे. बळेच बसवलं की जीभ लुळी पडे. वडील एकदा पायरीशी येऊन म्हणाले, "पंतोजी, औंदा डिपोटीसायबाच्या परीक्षेत ह्यो नापास झाला तं गुरामागं धाडतो." शाळा तपासायला येणाऱ्या साहेबाला सगळे डिपोटी म्हणत. पंतोजी माझ्याहून जास्त घाबरले. महिनाभर त्यांनी मला ओल्या चिखलात बसवून पाढे घोकवले. बूड गार पडलं, बुद्धी काही आली नाही.

परीक्षेत साहेबांनी विचारलं, "तेरा साते?" मी बसल्या जागी चुळबुळत राहिलो. साहेबांनी कंटाळून मला त्यांचं घोडं फिरवायला पिटाळलं. घोडं चालू लागलं, मी चालू लागलो आणि तोंडातून तेराचा पाढा सुटला. मग एकोणतीसचा. मग औटकी, म्हणजे साडेतिनाचा पाढा, ज्यात पंतोजी स्वतः अडखळत.

पंतोजी धोतर सावरत बाहेर धावले. "सायेब, ह्याला चालता चालता इचारा. ह्याची बुद्धी पायात हाय. माझंच चुकलं."

मग देवळाला प्रदक्षिणा सुरू झाली. पुढे घोडं, मग मी, मग प्रश्न विचारणारे साहेब आणि मागे हात जोडून पंतोजी. चौथ्या फेरीला साहेबांना धाप लागली आणि मी पास झालो. वडिलांनी पुन्हा गुरांचं नाव काढलं नाही.

वर्षभराने पंतोजींची बदली झाली. मी त्यांच्या बैलगाडीमागे पाताळगंगेपर्यंत चालत गेलो. वाटभर ते गाडीतून हिशेब घालत होते, मी उत्तरं देत होतो. मला रडू येत होतं, पण उत्तर चुकलं नाही. गाडी पाण्यात उतरली तेव्हा त्यांनी आणखी काहीतरी विचारलं. चाकांच्या खळखळाटात मला ते ऐकूच आलं नाही. मी आपलं "एकशे चव्वेचाळीस" असं ओरडलो. पलीकडच्या काठावरून त्यांनी समाधानाने मान डोलावली. प्रश्न काय होता, ते मला अजून ठाऊक नाही.